भाषा मोजायच्या कामात नवीन असाल तर

भाषाविज्ञानात एमए करताय, प्राध्यापकीच्या नेट परीक्षेच्या तयारीला लागलाय किंवा ऐरोली-महापे पट्ट्यातल्या एखाद्या कंपनीत 'लँग्वेज डेटा'चं काम मिळालंय, अशांसाठी हे लिहितेय. भाषाकुल, बोली, प्रमाणभाषा हे सगळं तुम्हाला माहीत आहे असं धरलंय. नसेल तर पहिल्या सत्राच्या नोट्स बाहेर काढा. मला बोलायचंय ते आकड्यांबद्दल. मराठी किती जण बोलतात, जगात भाषा किती, हिंदी मोठी की स्पॅनिश, असले प्रश्न आमच्याकडची पोरं 'जनरल नॉलेज' म्हणून सोडून देतात. ध्वनिविचार, वाक्यविचार यांत डोकं घालतात, ते ठीकच आहे. पण नोकरी लागली की समोर पहिली येते ती एक्सेलची शीट, आणि तिथे वाक्यविचारवाला चॉम्स्की कामाला येत नाही.

मी ठाण्याची. एमए कलिन्याला, मुंबई विद्यापीठात केलं. काम नवी मुंबईत, आवाजाचे नमुने गोळा करायचं. वेगवेगळ्या भाषा बोलणारी माणसं शोधायची, त्यांचं बोलणं रेकॉर्ड करायचं, ते लिहून काढून घ्यायचं आणि यंत्राला बोलणं ओळखायला शिकवणाऱ्या टीमकडे द्यायचं. घरच्यांना अजून नीट समजलेलं नाही मी काय करते. काका विचारतात, "म्हणजे कॉल सेंटर का?" मी हो म्हणते.

आता मुद्द्याचं. कुठल्या भाषेत किती तास रेकॉर्डिंग करायचं हे बोलणाऱ्यांच्या संख्येवरून ठरणार होतं. वरिष्ठांनी एक तयार शीट दिली आणि यावरून वाटप काढ म्हणाले. शीटमध्ये २०११ च्या जनगणनेचे आकडे. हिंदी ५२.८३ कोटी, बंगाली ९.७२, मराठी ८.३०, तेलुगू ८.११, तमिळ ६.९०, असं करत खाली छोट्या भाषांपर्यंत. मध्येच भोजपुरी ५.०६ कोटी, राजस्थानी २.५८, छत्तीसगढी १.६२, मगही १.२७. मी एकेक आकडा जनगणनेच्या तक्त्याशी ताडून पाहिला. सगळे बरोबर. टक्केवारी काढली, तास वाटले, मेल धाडला.

मग हिशेब खात्यातून फोन आला. त्या माणसाला भाषांशी काही घेणंदेणं नाही. त्याने सवयीने खाली बेरीज मारली होती. "मॅडम, तुमची बेरीज १३१ कोटींच्या वर चाललीय. २०११ ला देशाची लोकसंख्या १२१ कोटी होती. ही दहा कोटी माणसं आणली कुठून?"

शीटमधला प्रत्येक आकडा खरा होता आणि शीट खोटी होती. हे नीट समजून घ्या, कारण शंभरातल्या नव्वद जणांचा पाय इथेच घसरतो. एकेक आकडा तपासून ही चूक सापडतच नाही.

जनगणनेत दोन पातळ्या असतात: मातृभाषा आणि भाषा. लोक तोंडाने जे सांगतात ती मातृभाषा. २०११ मध्ये अशी १९,५६९ कच्ची नावं आली. एकाच भाषेचं नाव दहा जण दहा तऱ्हेने सांगतात, कुणी जातीचं नाव सांगतो, कुणी गावाचं. ती नावं निवडून, चाळून १,३६९ मातृभाषा उरल्या. आणखी १,४७४ नावांचा पत्ताच लागला नाही, ती 'इतर'मध्ये गेली. मग दहा हजारांहून जास्त लोकांनी सांगितलेल्या २७० मातृभाषा वेगळ्या काढल्या आणि त्या १२१ भाषांखाली बसवल्या. २२ संविधानाच्या आठव्या अनुसूचीतल्या, ९९ बाहेरच्या. यंत्र ऐकतं ती मातृभाषा आणि पेपरात छापून येते ती या १२१ मधली भाषा, इतकं डोक्यात पक्कं करा.

आता हिंदीचं बघा. ५२.८३ कोटी हा 'भाषा' पातळीवरचा आकडा. त्यात नुसती 'हिंदी' असं सांगणारे ३२.२२ कोटी. उरलेले वीस कोटींच्या वर लोक भोजपुरी, राजस्थानी, छत्तीसगढी, मगही आणि अशाच पन्नासेक नावांचे. म्हणजे शीटमधल्या हिंदीच्या ओळीत भोजपुरीवाले आधीच बसलेले होते आणि खाली पुन्हा स्वतःच्या ओळीतही. रेशनकार्डावर आठ माणसं लिहिली असतील तर त्यात धाकटा मुलगा आलाच, त्याला खाली नववा म्हणून लावायचा नसतो. इतकं साधं. पण तक्त्यात हिंदी ठळक अक्षरात आणि भोजपुरी तिच्याखाली सरकवून छापलेली असते. कुणीतरी ते कॉपी-पेस्ट केलं की ठळक अक्षर जातं, सरकवलेली जागा जाते आणि आई-मुलगी शेजारी-शेजारी बहिणी होऊन बसतात.

फक्त बेरीज केली असती तरी कळलं असतं. म्हणून पहिला नियम, भिंतीवर लावा हवं तर: भाषांची कुठलीही शीट हातात आली की आधी खाली बेरीज मारा. लोकसंख्येच्या वर गेली तर कुणीतरी दोनदा मोजलंय. खूप कमी आली तर कुणीतरी गळलंय. एवढ्याने सगळं सापडणार नाही, पण निम्म्या भानगडी सापडतील.

दुसरा नियम मला जास्त महत्त्वाचा वाटतो. भाषेचं नाव दिसलं की त्या नावाखाली कोण कोण आहे ते उघडून बघा. सी-१६ नावाचा तक्ता आहे, जनगणनेच्या संकेतस्थळावर फुकट मिळतो. भाषांचे आकडे २०१८ मध्ये बाहेर आले. तो उघडून आपल्या माणसांना शोधा, झोप उडेल. यवतमाळ-वाशीमकडच्या तांड्यांवर बोलली जाणारी बंजारा बोली कुठे असेल? मराठीखाली? हिंदीखाली आहे. 'बंजारी' आणि 'लमाणी' अशा दोन नावांनी, दोन्ही मिळून ४८ लाखांच्या वर. मुलुंड-ठाण्यातले कच्छी बांधव दुकानाच्या पाटीवर गुजराती लिहितात, पण कच्छी मोजली जाते सिंधीखाली. मालवणी कोकणीखाली. अहिराणी खानदेशीखाली, आणि खानदेशी ही मराठीपासून वेगळी भाषा, १८ लाखांच्या वर. जळगावच्या माणसाला सांगून बघा की तुझी गणती मराठीत नाही, काय म्हणतो ते ऐका.

आणि आपल्या दारातली गोष्ट, वारली. जव्हार-डहाणूकडची वारली जनगणनेत भिलीच्या गटात आहे. हे कुणी वाईट हेतूने केलेलं नाही. कुठेतरी रेघ मारावीच लागते. पण ती रेघ कुठे मारलीय हे बघितल्याशिवाय "ठाणे जिल्ह्यात मराठी अमुक टक्के" असं लिहू नका. त्यात आणखी एक ठाणेकरांची खास मेख. २०११ चा ठाणे जिल्हा म्हणजे आजचा ठाणे जिल्हा नव्हे. पालघर १ ऑगस्ट २०१४ ला वेगळा झाला. जुन्या आकड्यात वसईपासून तलासरीपर्यंत सगळं आहे, १ कोटी १० लाख लोकसंख्या. आजच्या नकाशावर तो आकडा ठेवून निबंध लिहिलेले मी पाहिलेत, मार्कही मिळालेत त्यांना. तुम्ही तालुक्यांचे आकडे घेऊन जोडा. कंटाळवाणं आहे, पण एका दुपारचं काम आहे.

घाबरू नका मात्र. यात गणित म्हणाल तर टक्केवारीपलीकडे काही नाही. सातवीचं गणित. दहावीला गणित सोडलेली माझी मैत्रीण आज हे काम माझ्यापेक्षा बरं करते. लागतो तो संशयी स्वभाव, आणि तो सासुरवाशिणीला आपोआप येतो असं तिचंच म्हणणं आहे.

आकडे येतात कुठून, हे एकदा डोळ्यांनी बघा. घणसोली गावात आम्ही आगरी बोलणाऱ्या बायकांचे आवाज घेत होतो. गाव म्हणजे सेक्टर नव्हे, जुनं गाव, गल्ली इतकी अरुंद की रेकॉर्डर बाहेर काढला तर शेजारच्या घरातली टीव्हीची मालिका त्यात येते. एका आजींना फॉर्मवरचा प्रश्न विचारला, मातृभाषा काय? त्या पटकन म्हणाल्या, "मराठी लिव." मग फोन वाजला, मुलीशी बोलल्या, मासळी, नातू, लाईटबिल, आणि त्यातलं मला निम्मंच कळलं. फोन ठेवल्यावर विचारलं, आजी, हे काय बोललात? "ही आमची आगरी. पन कागदाव मराठीच लिवाचा ना?" त्यांच्या दृष्टीने यात विसंगती काहीच नाही. घरात आगरी, कागदावर मराठी. इंग्रजांच्या काळात ग्रिअर्सनने भारतातल्या भाषांचं सर्वेक्षण केलं, त्यात, मराठीच्या सातव्या खंडात, आगरीला कोकणातल्या बोलींत स्वतंत्र जागा आहे. आजींच्या फॉर्मवर ती नाही.

जनगणनेची व्याख्या तशी नेटकी आहे: लहानपणी आई तुमच्याशी बोलायची ती तुमची मातृभाषा. आई लहानपणीच वारली असेल तर घरात मुख्यतः बोलली जायची ती. पण प्रगणक प्रत्येक दारात व्याख्या वाचून दाखवत नाही आणि माणसं भाषेबरोबर आपली ओळखही सांगत असतात. संस्कृतचं बघा. मातृभाषा म्हणून १९९१ मध्ये ४९,७३६ जणांनी नोंदवली, २००१ मध्ये १४,१३५, २०११ मध्ये २४,८२१. दहा वर्षांत पस्तीस हजार माणसं संस्कृत विसरली आणि पुढच्या दहा वर्षांत दहा हजार शिकली असं काही झालेलं नाही. सांगणं बदललं. जनगणनेतला भाषेचा आकडा हा लोकांनी काय सांगितलं त्याचा आकडा आहे. मला तो त्यामुळे कमी मोलाचा वाटत नाही, पण रेकॉर्डिंगला माणसं मिळतील का, हे त्यावरून ठरवाल तर फसाल.

म्हणून आता आम्ही फॉर्मवर 'तुमची भाषा कोणती' असं विचारत नाही. आईशी काय बोलता, बाजारात काय बोलता, भांडताना काय येतं तोंडात, असं विचारतो. भांडणाचा प्रश्न सगळ्यात खरं उत्तर देतो. हा माझा लाडका प्रश्न आहे, पद्धतीच्या पुस्तकात शोधू नका.

दोन वर्षांचे आकडे शेजारी ठेवतानाही हेच पथ्य. २००१ मध्ये तेलुगू ७.४० कोटी आणि मराठी ७.१९ कोटी होती, २०११ मध्ये मराठी पुढे गेली. इथे तुलना बऱ्यापैकी सरळ आहे, कारण दोन्ही गटांच्या रेघा फारशा हलल्या नाहीत. पण हिंदीची १९९१ आणि २००१ ची तुलना कराल तर मध्ये मैथिली हिंदीतून निघून स्वतंत्र झालेली असते, २००३ च्या घटनादुरुस्तीने ती आठव्या अनुसूचीत आली म्हणून. आणि क्लासच्या नोट्समध्ये अजूनही 'भारतात १,६५२ भाषा' असं छापलेलं सापडतं. तो १९६१ च्या मातृभाषांचा आकडा आहे. १९७१ पासून दहा हजारांची अट आली आणि प्रसिद्ध होणारा आकडा एकदम १०८ वर उतरला. बोलणारे मेले नाहीत, यादी छाटली गेली.

क्लासवाल्यांवर माझा राग आहे, लपवत नाही. दादरला असो की ठाणे स्टेशनजवळ, भाषाविज्ञानाच्या नेटसाठी मोठी फी घेऊन अशाच नोट्स देतात. त्या पैशांत मासिक पास काढा, ठाण्याच्या मराठी ग्रंथसंग्रहालयात जाऊन बसा. १८९३ पासूनची संस्था आहे, जुनी मासिकं, कोश, कुणी येऊन विचारत नाही काय करताय. ग्रिअर्सनचे खंड शिकागो विद्यापीठाच्या डिजिटल साउथ एशिया लायब्ररीत चाळता येतात, आणि त्या काळात ग्रामोफोनवर भरलेले बोलींचे आवाजही ऐकता येतात. ते आवाज ऐकाच. डेक्कन कॉलेजने मराठीच्या बोलींचं अलीकडचं सर्वेक्षण करून त्याचे नमुने खुले केलेत, तेही बघा. क्लासमध्ये यातलं एकही नाव मी ऐकलं नव्हतं.

पुढची मोठी गफलत म्हणजे मातृभाषा आणि एकूण बोलणारे. इंग्रजी मातृभाषा सांगणारे भारतात २०११ ला २ लाख ६० हजार. दुसरी-तिसरी भाषा म्हणून सांगणारे धरले की १२.९ कोटींच्या आसपास. दोन्ही जनगणनेचेच आकडे, दोन्ही इंग्रजीचेच. मराठीचं अंतर एवढं नाही: मातृभाषा ८.३० कोटी, सगळे मिळून साधारण ९.९ कोटी. आता व्हॉट्सअ‍ॅपवर फिरणारे तक्ते बघा. इंग्रजीचा एकूण आकडा घेतात, मराठीचा मातृभाषेचा, आणि मग एक जण रडतो, एक जण छाती फुगवतो. जगाच्या पातळीवरही तेच. मातृभाषा म्हणून मोजलं तर मँडरिन चिनी सगळ्यांच्या पुढे, नव्वद कोटींच्या वर. एकूण बोलणारे मोजले तर इंग्रजी, दीडशे कोटींच्या आसपास, त्यातले मातृभाषक चाळीस कोटींच्या आतच. 'सर्वात मोठी भाषा' असा मथळा दिसला की कुठला रकाना, हे आधी विचारा.

आणि त्या दुसऱ्या रकान्यालाही कुलूप आहे. जनगणनेत मातृभाषेखेरीज फक्त दोनच भाषा लिहून घेतात. जांभळी नाक्यावरचा भाजीवाला घरी भोजपुरी बोलतो, माल घेताना हिंदी, मराठी बाईशी मराठी, मारवाडी शेठाशी मोडकी गुजराती, आणि 'फिफ्टी का हाफ केजी' तर सगळेच करतात. त्याच्या तीन नोंदल्या जातील, बाकीच्या हवेत. मुंबई-ठाण्यासारख्या ठिकाणी एकूण बोलणाऱ्यांचे आकडे कमीच येणार, हे धरूनच चाला.

जगातल्या भाषांची संख्या विचारली की लोक सात हजार म्हणतात. ठीक आहे. जगातल्या भाषांची यादी छापणाऱ्या एथ्नोलॉगने २०२४ मध्ये ७,१६४ दिल्या, २०२३ मध्ये ७,१६८ होत्या. एका वर्षात चार भाषा मेल्या असा याचा अर्थ लावू नका. काही गेल्या, काही सापडल्या, काही एकीच्या दोन झाल्या, काही दोनाची एक. एथ्नोलॉग एसआयएल या संस्थेचं, १९५१ पासून चालू, मूळ बायबलच्या भाषांतरासाठी भाषा नोंदवायच्या म्हणून. भाषांना तीन अक्षरांचे कोड देणारं २००७ चं आयएसओ मानकही तीच संस्था सांभाळते. तुमच्या नोकरीत हे कोड रोज लागणार. त्यात अरबी आणि चिनी या एकेक भाषा नाहीत, वर एक समूह-कोड आणि खाली बऱ्याच भाषा. कोकणीचंही तसंच. वऱ्हाडीला मराठीपासून वेगळा कोड आहे. माँटेनेग्रिनला २०१७ च्या अखेरीस मिळाला, तिचे भाषक सर्बियन, क्रोएशियन, बोस्नियनवाल्यांशी दुभाष्याशिवाय गप्पा मारतात तरी. हिंदी-उर्दूचं तर सांगायलाच नको.

एक छुपा खड्डा इथे आहे. भारतीय भाषांसाठी एथ्नोलॉगचे बरेच आकडे मुळात जनगणनेतूनच आलेले असतात. 'जनगणना आणि एथ्नोलॉग दोघंही हेच सांगतात' असं लिहून दोन साक्षीदार उभे करू नका, साक्षीदार एकच आहे. जिथे दोघांत फरक दिसतो, तिथे रेघ वेगळी मारलेली असते: एथ्नोलॉगचे हिंदी मातृभाषक चौतीस कोटींच्या आसपास निघतात, ते ५२.८३ शी जुळत नाहीत, ३२.२२ च्या जवळ जातात. आता का ते तुम्हाला माहीत आहे.

एथ्नोलॉगचा बराच भाग पैसे भरल्याशिवाय उघडत नाही. ग्लोटोलॉग ही भाषांची दुसरी यादी, तो फुकट आहे, मॅक्स प्लँक संस्थेच्या लोकांनी उभा केलेला, आणि वर्गीकरणासाठी मला तोच आवडतो, कारण प्रत्येक नोंदीमागे कुठलं लिखाण आहे ते दाखवतो. त्यात बोलणाऱ्यांची संख्या शोधत बसू नका, तो त्याचा विषय नाही.

आणि भारताचे आकडे? ग्रिअर्सन १७९ भाषा आणि ५४४ बोली म्हणतात, पण त्यांच्या सर्वेक्षणात मद्रास इलाखा, हैदराबाद, म्हैसूर नव्हते. गणेश देवींनी अलीकडे केलेल्या भाषांच्या लोकसर्वेक्षणात ७८० निघाल्या. जनगणना १२१ म्हणते, किंवा १,३६९, तुम्ही कुठल्या पातळीवर उभे आहात त्यावर. एखादे सर वर्गात 'नक्की आकडा सांगा' म्हणून धारेवर धरत असतील तर ते परीक्षेपुरते सर आहेत. मार्क घ्या आणि पुढे चला. मार्गदर्शक निवडायचा तर जो तुमचा आकडा बघून आधी 'कुठून आणलास?' विचारतो तो निवडा. तो खडूस वाटेल, वाटू द्या. शीट देऊन 'हे वापर' म्हणणारा गोड माणूस जास्त महाग पडतो.

वर्गीकरणाबद्दल थोडक्यात. कुल म्हणजे जन्म, शब्द म्हणजे शेजार. तेलुगूत संस्कृत शब्द खच्चून भरलेत, म्हणून ती आर्य होत नाही. आपल्याकडचा 'आपण' (ऐकणाऱ्याला धरून) आणि 'आम्ही' (त्याला सोडून) हा भेद द्राविडी शेजाराशी जुळतो, म्हणून मराठी द्राविडी होत नाही. भाषाशास्त्रज्ञ मरे एमेनो यांनी १९५६ मध्ये अख्ख्या भारताला एक भाषिक क्षेत्र, म्हणजे शेजारामुळे वेगळ्या कुलांच्या भाषा एकमेकींसारख्या झालेला प्रदेश, म्हटलं ते यासाठीच. महाराष्ट्रातच चार वेगळी खाती आहेत: मराठी-अहिराणी इंडो-आर्य, गोंडी-कोलामी द्राविडी, मेळघाटातली कोरकू मुंडा, आणि बुलढाण्यातल्या जळगाव जामोदकडची निहाली, जिला अजून कुणी नातेवाईक सापडलेला नाही. निहालीने कोरकूकडून इतके शब्द उचलले की बराच काळ तिला कोरकूचीच समजत. शब्दांच्या यादीवरून सोयरीक जुळवायची घाई करू नका, एवढंच.

चॅटबॉटला आकडे विचारायचा मोह सगळ्यांना होतो. विचारा, पण ते आकडे शीटमध्ये घालू नका. वर्ष २०११ चं, रकाना एकूणचा, नाव गटाचं, अशी खिचडी तो इतक्या आत्मविश्वासाने वाढतो की हिशेब खात्यातला माणूसही फसेल.

पैशांचं स्पष्ट सांगते, कुणी सांगत नाही म्हणून. या क्षेत्रात सुरुवातीचं काम बहुतेक कंत्राटी असतं. रेकॉर्डिंग लिहून काढायचं काम घ्याल तेव्हा दर कशाचा हे लेखी घ्या: आवाजाच्या तासाचा की तुमच्या कामाच्या तासाचा. तासभराचं बोलणं नीट लिहून काढायला अख्खा दिवस जाऊ शकतो, गोंगाटातलं असेल तर त्याहून जास्त. आवाजाच्या तासाला मिळणारी रक्कम ऐकायला घसघशीत वाटते, भागाकार केला की रडू येतं. आणि बोलीतलं काम प्रमाण मराठीच्या दरात घेऊ नका. आगरीचं रेकॉर्डिंग आगरी येणारीच लिहू शकते, तिला शोधायला किती पायपीट होते ते मला विचारा. ही बोली तुम्हाला घरातूनच येत असेल, तर तुमच्याकडे जे आहे ते आमच्या डिग्रीत मिळत नाही, हे लक्षात ठेवून बोलणी करा.

पुढची जनगणना २०२७ ची जाहीर झालीय. तोवर २०११ चेच आकडे चालणार, म्हणजे दीड दशकाच्या जुन्या आकड्यांवर आपण नवीन यंत्रं शिकवतोय. शीटमध्ये वर्षाचा रकाना म्हणूनच ठेवा, आणि नव्या आकड्यांसोबत नव्या रेघाही येतील हे धरून ठेवा. कुठली मातृभाषा कुठल्या भाषेखाली गेली, हे आधी तपासून मग जुन्या-नव्याची वजाबाकी करा.

मुलाखतीत हमखास विचारतात, "मराठी जगात कितवी?" मी असं सांगते: भारतात २०११ च्या जनगणनेत मातृभाषा म्हणून ८.३० कोटी, हिंदी-बंगालीनंतर तिसरी. जगात पहिल्या पंधरात, नेमका क्रमांक यादीवर अवलंबून, कारण चिनी एक धरली की अनेक, पंजाबी एक धरली की दोन, त्यावर मराठी वर-खाली होते. समोरच्याने मान डोलावून "कुठली यादी?" असं विचारलं तर ती नोकरी घ्या. "एकच आकडा सांगा" म्हणाला तर पगार विचारून मग ठरवा.